चौथ्या गाण्यातली बहीण

१

ऐका, मधे कुणी तोंड घालू नका, नाहीतर माझा धागा तुटतो. आणि ती चिक्की इकडे सरकवा, सगळी तुम्हीच खाताय.

तर सोमवारी सकाळी साडेनऊला मी टॉकीजचं शटर वर करते, तर पायरीवर एक बाई. पन्नाशीची असेल. गळ्यात ती बसमध्ये मान टेकायची उशी, कानात वायरचे इअरफोन, पायाशी बॅग, डोळे मिटलेले. मला वाटलं झोपलीय. म्हटलं, "अम्मा, पहिला खेळ अकराला आहे."

ती डोळे न उघडता म्हणाली, "बघितला मी तुमचा सिनेमा. चेन्नईहून येताना बसमध्ये. तीनदा."

"तीनदा? अहो, शुक्रवारीच तर लागलाय!"

"शुक्रवारी लागला आणि शनिवारी पहाटे सगळ्यांच्या फोनवर पोचला," ती म्हणाली. मग डोळे उघडले. काय दमलेले डोळे होते, देवा! "इथूनच पोचला. तुमच्या वेळ्ळैयम्मा टॉकीजमधून."

माझ्या हातातली कुलपाची किल्ली खाली पडली.

आता मी कोण, तुम्हाला सांगायला नको. आपण गलाईवाल्यांची पोरं. बाबा तिकडं भट्टीवर सोनं वितळवतात आणि मी इकडं बिनपंख्याच्या तिकीट खिडकीत वितळते. तिकिटं, ऑनलाइन बुकिंग, खेळांचं वेळापत्रक, व्हॉट्सॲपवर स्टेटस लावणं, सगळं माझ्याकडं. सगळ्या कोविलपट्टीत हे एकच जुनं थिएटर उरलंय, आणि त्यात आम्ही पाच जण.

बाईंचं नाव मंगयर्करसी. आम्ही मंगै अम्मा म्हणायला लागलो. चेन्नईला निर्मात्यांची संघटना आहे ना, त्यांच्याकडं त्या चोरीच्या कॉप्या पकडायचं काम करतात. आधी पोलिसात होत्या. त्यांनी मला सांगितलं, की प्रत्येक थिएटरच्या चित्रात एक छुपी खूण असते. डोळ्यांना दिसत नाही, पण कुणी फोननं चोरून शूट केलं तर त्यातही उतरते. त्या साइटवाल्यांनी कॉपी दाबून दाबून बारीक केल्यामुळं वेळ पुसली गेली होती. उरलं एवढंच: कोणतं थिएटर आणि कोणता वार. वेळ्ळैयम्मा, शुक्रवार.

"पुढच्या सिनेमाची चावी गुरुवारी बाराला येणार ना?" त्यांनी विचारलं. चावी म्हणजे तो आकड्यांचा कोड. तो आल्याशिवाय सिनेमा मशीनमध्ये असून उघडत नाही. "मी नाव दिलं तर येईल. नाही दिलं तर ती नाही, त्याच्या पुढची नाही, कुठलीच नाही."

म्हणजे टॉकीज बंद.

"आणि नाव मिळालं तर?"

"तो माणूस तीन वर्षांपर्यंत आत."

मग त्यांनी फोन माझ्यासमोर धरला. "कोन बघ. वरून घेतलंय, जरा उजवीकडून. मी काल तुमच्या हॉलचा नकाशा मागवला. हे वरच्या बॉक्समधलं, तिसऱ्या खुर्चीवरून. बॉक्सची तिकिटं कितीला?"

तिकिटं कसली! बॉक्स दोन वर्षांपासून बंद आहे. खुर्च्या मोडल्यात, वटवाघळं लटकतात. तिथून पलीकडं फक्त प्रोजेक्टरच्या केबिनचा जिना. आणि तिथं जाणारा माणूस एकच.

आमचे नेल्लै अण्णा.

२

मला वाटलं आता त्या दरडावतील, शुक्रवारी कोण कुठं होतं, कुणाचा फोन कुठला, असं सगळं विचारतील. कुठलं काय! वही-पेन्सिल मांडीवर टाकून आमच्या बाकावर पाय वर घेऊन बसल्या, सुंठेची कॉफी मागवली, आणि प्रत्येकाला एकच विचारलं:

"सिनेमा कसा होता?"

आधी ताय अक्का. षण्मुगत्ताय, पण एवढं कोण म्हणतंय. दाराशी तिकिटं फाडते, बायकांच्या बाजूला लक्ष ठेवते, चोवीस वर्षं झाली.

"अम्मा, पूर्वी काडेपेटीचे कारखाने सुटले की बाया डबा घेऊन थेट इथं यायच्या," ताय अक्का म्हणाली. "रडायच्या, शिव्या द्यायच्या, व्हिलनला चप्पल दाखवायच्या. आता त्याच बाया काड्या भरताना फोन पुढ्यात टेकवतात. रडणं आलं तरी हात थांबत नाही. मला विचारा, तर हे काही सिनेमा बघणं नव्हे."

"बरोबर. पण हा सिनेमा कसा होता?"

"हा? बघितला ना, दाराच्या पडद्याआडून, साडेसहाच्या खेळाला. बरा होता हो, पण डायरेक्टर येडा! हिरोला एवढी गोड बहीण दिली, मध्यंतरानंतर दोनदा दिसते आणि मग गायब! शेवटी तो हिरो 'तिच्यासाठी, तिच्यासाठी' ओरडत मारामारी करतो. अरे, पण ती गेली कुठं? विसरला मेला!"

मंगै अम्मांची पेन्सिल थांबली. मला वाटलं टोक मोडलं.

मग कँटीनचा इसक्की. तो तर काय, आधीच घाबरलेला, कारण त्याच्याकडं नवा फोन, पाठीला तीन कॅमेरे. ताय अक्का त्याला म्हणते, "तुझा फोन नाही रे, कोळ्याचं तोंड आहे, डोळेच डोळे."

"मी नाही केलं अम्मा, आई शप्पथ. मी कॅमेऱ्यानं फक्त चिक्कीचे फोटो काढतो."

"सिनेमा कसा होता?"

"एकदम झकास! मी रात्रीच्या खेळाला बसलो होतो. फक्त ती बहीण..."

"काय झालं बहिणीचं?"

"दुबईला गेली असणार. पासपोर्ट दाखवायचा राहिला." आणि एकटाच हसला.

तिसरे आमचे मालक. तिरवियम मुदलाळी. इथं मालकाला मुदलाळीच म्हणतात ना, आम्हीही म्हणतो. त्रेसष्टचे आहेत, पांढरं धोतर, बोलणं इतकं हळू की पुढं वाकून ऐकावं लागतं. टॉकीज त्यांच्या वडिलांनी बांधलं, आजीचं नाव दिलं.

"मी कधी फोनवर सिनेमा बघत नाही," ते म्हणाले. "नवा सिनेमा लागला की शुक्रवारची मॅटिनी, खाली, शेवटच्या रांगेत. वडिलांची शिस्त. या शुक्रवारीही बघितला. तो भाऊ तळ्याच्या पायरीवर उभा असतो, हातात ते ओलं पैंजण..." त्यांनी चष्मा काढला. "फोनवर बघणाऱ्याला ते काय कळणार?"

मला इतकं वाईट वाटलं ना. मंगै अम्मा काहीतरी लिहीत होत्या.

"वर कोण असतं?" त्यांनी विचारलं.

मुदलाळींनी धोतराची कड चाचपली. "नाव घ्यायला जीभ रेटत नाही. पण वर तो एकटाच असतो."

तेवढ्यात जिन्यावर पायरी वाजली. नेल्लै अण्णा अर्ध्यात उभे होते. त्यांनी सगळं ऐकलं होतं. आणि ते पाठ फिरवून परत वर गेले.

३

केबिनमध्ये मंगै अम्मांबरोबर मीही चढले. म्हटलं, त्यांना जिना दाखवते. दाखवायला एकच जिना आहे म्हणा.

नेल्लै अण्णा मशीनच्या शेजारी स्टुलावर. एकतीस वर्षं झाली त्यांना. रिळं होती तेव्हा घामानं भिजायचे, आता बटण दाबायचं आणि बसायचं. तरी रोज अंघोळ करून, विभूती लावून येतात, जणू देवळात ड्यूटी आहे.

"तुम्ही केलंत?" मंगै अम्मांनी विचारलं. सरळच.

"नाही."

"बरं. सिनेमा कसा होता?"

"बरा आहे. जरा लांबतो."

"कुठं लांबतो?"

अण्णांनी माझ्याकडं बघितलं. एकदाच. मी छताकडं बघायला लागले. आणि त्या बाईंनी ते दोन्ही टिपलं, मला नंतर कळलं.

त्या तिथंच पायरीवर बसल्या, गुडघे चोळत. "सांगू का तुम्हाला? सहा वर्षांत मी चारशे सिनेमे बघितले. सगळे चोरीचे. प्रत्येकात कुणाचं तरी डोकं आडवं. कुणी खोकतंय, कुणी पोराला दटावतंय, कुणी मध्येच उठून लघवीला जातंय. आता मला गोष्ट दिसतच नाही. फक्त खोकले ऐकू येतात." मग इअरफोनचं एक टोक माझ्या कानात खुपसलं. "हे ऐक. यात एकही डोकं नाही, एकही खोकला नाही. इतकी स्वच्छ चोरी मी बघितलेली नाही."

खरंच. हिरोची एन्ट्री झाली, ढोल वाजले, आणि हॉलमधून एक शिट्टी नाही. काही नाही.

"म्हणजे हॉल रिकामा होता!" मी ओरडले. मला वाटलं मी केस सोडवली.

"दहा वर्षांपूर्वी मीही हेच म्हटलं असतं. शुक्रवारी मॅटिनीला किती तिकिटं गेली?"

"अकरा."

"अकरा माणसं, तीही आपापल्या फोनमध्ये डोकं घालून. त्यांचाही आवाज असाच येतो, पोरी. आता शांततेवरून काही सिद्ध होत नाही."

त्यांनी कॉपी पुढं सरकवली. मध्यंतर गेलं. मारामारी गेली. आणि मग हळूच एक बासरी सुरू झाली, पाण्याचा आवाज, वल्ह्याचा आवाज, आणि एक बाई गायला लागली.

मी झटकन अण्णांकडं बघितलं. त्यांच्या कानात इअरफोन नव्हता, पण बाहेर झिरपणारी ती बारीक बासरी त्यांनी ओळखली होती. त्यांचा चेहरा राखेसारखा झाला.

कारण हे गाणं आमच्या पडद्यावर लागलंच नव्हतं.

४

थांबा, सांगते. ही गोष्ट मी कुणालाच सांगितली नव्हती, तुम्हालासुद्धा नाही, त्यामुळं आता रागावू नका.

कोरोनानंतर थिएटर उघडलं ना, तेव्हापासून नेल्लै अण्णा प्रत्येक सिनेमातलं चौथं गाणं उडवतात. मध्यंतरानंतरचं, संथ, रडकं. कारण ते गाणं लागलं की लोक उठतात, बाहेर जातात, फोन काढतात, आणि परत येतच नाहीत. 'राहिलेला घरी फोनवर बघू' म्हणतात. एकदा अण्णांनी मोजलं होतं, एका गाण्यात सव्वीस माणसं गेली, आली तीन. त्या दिवसापासून मशीनवर ते गाणं ओलांडून पुढं जायचं. गाणं नाही तर उठायचं कारण नाही.

मला कसं कळलं? वेळापत्रक मी लावते. प्रत्येक खेळ पाच मिनिटं लवकर सुटायला लागला. एकदा विचारलं, तर अण्णा म्हणाले, "पोरी, तू बघितलं नाहीस." मी म्हटलं, बरं, नाही बघितलं. ताय अक्काला माहीत नाही, इसक्कीला नाही. मुदलाळींना तर नाहीच.

पण सिनेमातला एक सेकंदही कापायचा नाही असा करार असतो. कळलं की ऑपरेटरचं नाव संघटनेच्या यादीत, आणि पुन्हा कुठल्याच केबिनमध्ये पाय ठेवता येत नाही.

मंगै अम्मा चहाला खाली गेल्या आणि मी अण्णांवर तुटून पडले. "सांगा ना त्यांना! चारही खेळांत गाणं नव्हतं. मग त्यांची कॉपी चारातली नाही. तुम्ही सुटाल!"

"आणि केबिन जाईल."

"नाही सांगितलं तर तुम्ही तुरुंगात जाल!"

ते हसले. हसले म्हणजे नुसतं नाकातून. "केबिनच्या बाहेर मी काय करणार आहे, पोरी? दोन्हीकडं भिंतीच बघायच्या."

"मग मी सांगते!"

"सांगायची गरज नाही," मागून आवाज आला. मंगै अम्मा दारात, हातात तीन ग्लास चहा. गुडघे दुखतात म्हणे, आणि मांजरासारखी चढते बाई! "गाणं इथं लागलं नाही हे मला सकाळी खालीच कळलं. कसं, ते उद्या सांगते. आता एवढंच सांगा, मशीनच्या नोंदीत शुक्रवारी पाच खेळ दिसतात. तिकिटं चारचीच. पाचवा कुठला?"

अण्णांनी चहा घेतला. दोन फुंकरा मारल्या.

"पहिला खेळ देवीचा," ते म्हणाले.

हे तर आपल्याला सगळ्यांना माहितीये, इतकं की कुणाच्या डोक्यातच आलं नाही! नवा सिनेमा लागला की शुक्रवारी सकाळी साडेसातला अण्णा बटण दाबतात, केबिनला कुलूप लावतात, हॉलची दारं बंद होतात, आणि आम्ही सगळे सिनेमाची पेटी घेऊन वाजत गाजत शेंबगवल्ली देवीच्या देवळात. पूर्वी त्या पेटीत रिळं असायची, दोन माणसं लागायची. आता सिनेमा मशीनमध्ये असतो आणि पेटी रिकामी. तरी अण्णा ती डोक्यावरूनच नेतात. आणि इकडं रिकाम्या हॉलमध्ये सिनेमा चालू राहतो, देवीसाठी. कुणी बसायचं नाही, डोकावायचंसुद्धा नाही.

"त्या खेळात गाणं कापत नाही?"

"देवीच्या खेळाला कात्री नाही," अण्णा म्हणाले. "तिला कुठं घरी जायची घाई असते?"

म्हणजे ही कॉपी देवीच्या खेळाची! जिथं कुणीच नसतं!

"मग तर तुम्ही फोन बॉक्समध्ये ठेवून गेला असाल," मंगै अम्मा शांतपणे म्हणाल्या. "असंही कुणी म्हणेल."

अण्णांनी ग्लास खाली ठेवला.

"पण तसं नाही. मध्यंतराला हात बदललाय, चित्र कलतं. आणि दोन ठिकाणी कुणीतरी शिंक दाबलीय. त्या खुर्चीत माणूस बसला होता, साडेसात ते दहा-सव्वादहा. त्या वेळी देवळात कोण होतं याचा पुरावा?"

"माझं स्टेटस!" मी किंचाळले.

शुक्रवारच्या मिरवणुकीचे नऊ व्हिडिओ होते माझ्याकडं. आम्ही तिघं फोनवर वाकलो. अण्णा, डोक्यावर पेटी, प्रत्येक व्हिडिओत. ताय अक्का, कापराचं ताट, घामाघूम. इसक्की ढोल वाजवतोय. पहिल्यात आहे, दुसऱ्यात आहे. तिसऱ्यात ढोल दुसऱ्याच्या गळ्यात. पुढं इसक्की कुठंच नाही.

आणि अजून एक चेहरा नव्हता. नवव्या व्हिडिओपर्यंत मी शोधला.

५

मंगळवारी सकाळी दहाला त्यांनी आम्हाला सगळ्यांना पोस्टरखालच्या बाकांवर बसवलं. अजून दारं उघडायची होती. मुदलाळी खुर्चीत, पाय दुसऱ्या खुर्चीवर, कारण शुक्रवारपासून पाय सुजलाय असं म्हणत होते. म्हणूनच मिरवणुकीला आले नव्हते. इसक्की घामानं डबडबलेला.

त्याआधी मंगै अम्मांनी नेल्लै अण्णांना जिन्यात गाठलं होतं. मी ऐकलं. म्हणाल्या, "एक क्षण येईल. तेव्हा तुम्ही बोललात तर काम होईल. मी बोलले तर तो माझा अंदाज ठरेल. जबरदस्ती नाही."

"इसक्की," मंगै अम्मा म्हणाल्या, "ढोल सोडून कुठं गेलास?"

"चिक्कीची ताटं आणायला! गल्लीतल्या आजीकडं! विचारा तिला. नऊला नाही उचलली तर ती दुसऱ्याला देते."

"बरं, विचारीन." त्या कंटाळल्यासारख्या खिडकीबाहेर बघायला लागल्या. "मला सगळ्यांना एकच विचारायचंय. मी दमलेय, तेव्हा पटकन सांगा. त्या सिनेमातली बहीण कुठं गेली?"

ताय अक्का उसळलीच. "तेच तर मी कालपासून सांगतेय!"

"दुबई," इसक्की पुटपुटला.

"अरे कसली दुबई! तिच्या सासरी दाखवलंय का काही?"

"अक्का, तू पडद्याआडून बघितलास, तुला अर्धाच दिसला."

"गप रे, कोळ्याच्या तोंडाचा!"

दोघं असे भांडायला लागले की मुदलाळी वैतागले. इतके हळू बोलणारे मुदलाळी, ताडकन म्हणाले, "झोपला होतात काय सगळे? मेली ती! तळ्यात बुडते! होडी उलटते, भावाच्या हातात नुसतं पैंजण राहतं. अख्खं गाणं आहे त्यावर!"



ताय अक्कानं तोंडावर हात ठेवला. "मेली? कधी?"

"मुदलाळी," मंगै अम्मांनी हळूच विचारलं, "हे तुम्ही कुठं बघितलं?"

"इथंच. सांगितलं ना काल. शुक्रवारची मॅटिनी, शेवटची रांग."

मी नेल्लै अण्णांकडं बघितलं. ते भिंतीला टेकून उभे होते. खरं सांगते, त्या वेळी मला वाटलं, नको बोलू दे, राहू दे. एकतीस वर्षं आहेत त्यांची. बाहेर रस्त्यावर एक बस हॉर्न मारत गेली.

"मॅटिनीला ते गाणं नव्हतं, मुदलाळी," अण्णा म्हणाले. "अकराला नव्हतं. साडेसहाला नव्हतं, रात्रीही नव्हतं. मी कापतो. चौथं गाणं मी नेहमी कापतो."

मुदलाळींनी मान वर केली. "नेहमी?"

"थिएटर पुन्हा उघडलं तेव्हापासून."

"या हॉलमध्ये त्या बहिणीला मरताना फक्त देवीनं बघितलं," मंगै अम्मा म्हणाल्या. "आणि बॉक्समधल्या तिसऱ्या खुर्चीनं. केबिनचा जिना, हॉलची दारं, सगळ्याच्या जास्तीच्या किल्ल्या तुमच्या खणात असतात. आता तुम्ही म्हणू शकता, की मी तीच चोरीची कॉपी फोनवर बघितली. म्हणायचंय?"

म्हणू शकले असते हो! मी असते तर म्हटलं असतं. पण त्यांनी नुसता सुजलेला पाय खुर्चीवरून खाली ठेवला. त्या पायाला काही झालेलं नव्हतं.

६

"वडिलांनी लिहून ठेवलंय," मुदलाळी म्हणाले. परत तसेच हळू, आम्ही सगळे पुढं वाकलो. "पडद्यावर सिनेमा लागतोय तोवर टॉकीज विकायचं नाही, माणसं काढायची नाहीत. फक्त बाहेरून बंद पडलं तर माझी सुटका. मी रोज खेळाच्या आधी दाराचा पडदा जरासा बाजूला करून माणसं मोजतो. अकरा. नऊ. चौदा. मॅटिनीला बसणं कधीच सोडलं, आठ वर्षं झाली. रिकाम्या खुर्च्या मागून बघवत नाहीत."

"म्हणून चोरी?" ताय अक्का रडत होती.

"चोरी नाही गं. सुट्टी मागितली. कुणी देईना."

"आणि माझं नाव दिलंत?" नेल्लै अण्णा म्हणाले. आवाज चढला नाही, पण पहिल्यांदाच त्यांनी मुदलाळींना 'मुदलाळी' म्हटलं नाही.

"मला वाटलं, कुणीतरी अनोळखी प्रेक्षक, असं लिहून जातील. त्यांना नाव लागतं हे मला माहीत नव्हतं. आणि वर तूच..." ते थांबले. "मला माहीत नव्हतं तू कापतोस. चार वर्षं माझ्या हॉलमध्ये काय लागतंय, मला माहीत नव्हतं."

बघा आता गंमत. गंमत कसली, डोकं धरायची वेळ! मंगै अम्मांनी वही उघडली आणि म्हणाल्या, "मला अहवाल लिहायचाय. मला कसं कळलं हे लिहावं लागेल. म्हणजे चौथं गाणं लिहावं लागेल. म्हणजे तुमच्या अण्णांची, नेल्लैयप्पन यांची, केबिन गेली. चोर नाहीत, पण केबिन गेली."

"लिहा," अण्णा म्हणाले.

"पण चोरानं आपल्या हातानं लिहून दिलं," त्या मुदलाळींकडं न बघताच पुढं म्हणाल्या, "की कोणत्या खेळाला, कुठं बसून, कशासाठी केलं, तर मला कसं कळलं हे कुणी विचारत नाही. मी माझं डोकं लावलं हे लिहायची मला हौस नाही. वाचणारेही सगळे दमलेलेच असतात."

त्यांनी पेन बाकावर ठेवलं. मुदलाळींच्या आणि अण्णांच्या बरोब्बर मधे.

वकील लावले असते तर मुदलाळी सुटलेही असते. पुरावा काय, तर एक मेलेली बहीण! आम्ही बघत होतो. त्यांनी अण्णांना विचारलं, "गाणं चांगलं होतं रे. का कापलंस?"

"लोक जायचे."

"मग थांबले का?"

अण्णांनी जरा विचार केला. "काही थांबले."

मुदलाळींनी पेन उचललं. दोन पानं लिहिली, शाळेतल्यासारख्या गोल अक्षरात, आणि खाली सही केली.

दुपारी पोलिस आले, ते स्वतः जाऊन जीपमध्ये बसले. त्यांची बहीण कोइंबतूरहून येतेय, तोवर हिशेब ताय अक्काकडं आणि बाकी सगळं देवाकडं. पुढं काय होईल मला विचारू नका, मलाही दमायला झालंय. पण गुरुवारी बरोबर बाराला चावी आली. मी केबिनमध्येच होते. हिरवा दिवा लागला आणि अण्णांनी मशीनला हात जोडले.

हां, एक राहिलं. बुधवारी मंगै अम्मांची बस संध्याकाळी होती. दुपारी त्या माझ्या खिडकीशी आल्या आणि म्हणाल्या, "एक मॅटिनी दे."

"अम्मा, तुम्ही तीनदा बघितलाय!"

"बघितला नाही. ऐकलाय." त्यांनी पैसे सरकवले. "कुणाचं डोकं आडवं येणार नाही अशी खुर्ची दे."

"आज सगळ्याच तशा आहेत," मी म्हटलं. तेरा तिकिटं गेली होती.

मी खिडकी बंद करून मागं जाऊन उभी राहिले. मध्यंतर झालं, मारामारी झाली, आणि माझं लक्ष वर केबिनच्या झरोक्याकडं. आता कापतील, आता कापतील.

बासरी सुरू झाली.

तळं, होडी, ती पोरगी वल्हं मारतेय. आणि लगेच चार माणसं उठली, फोन काढत बाहेर गेली, जशी नेहमी जातात तशी. अण्णांनी गाणं चालूच ठेवलं. होडी कलंडली. पाण्यावर काही नाही. भावाच्या मुठीत पैंजण.

बायकांच्या बाजूनं ताय अक्काचा आवाज आला, अख्ख्या हॉलला ऐकू जाईल असा: "अगंबाई! ही इथं मेली होय!"

आणि पुढं सातव्या रांगेत, उशी गळ्यात घालून बसलेल्या मंगै अम्मांनी जोरात नाक शिंकरलं. आता कुणी या खेळाची चोरून कॉपी केली असती, तर तो आवाज तिच्यात आला असता.